दोन दगड आणि पुष्कळ धूर

दोन दगड होते. प्लास्टिकचे. रोमच्या चिनेचित्ता स्टुडिओत कुठल्याशा पौराणिक सिनेमाच्या सेटवरून उरलेले. 1965 साली मारिओ बाव्हा या इटालियन दिग्दर्शकाला एका अनोळखी ग्रहावर घडणारा सिनेमा करायचा होता आणि ग्रह उभा करायला त्याच्या हाताशी एवढंच होतं. त्यानं ते दगड या कोपऱ्यातून त्या कोपऱ्यात हलवले, आरसे लावून दोनाचे चार आणि चाराचे आठ केले, जमिनीवर धूर सोडला आणि धुरावर एका अंगानं लाल, दुसऱ्या अंगानं हिरवा-निळा उजेड टाकला. धूर दाटच ठेवावा लागला. त्याच्याखाली दाखवण्यासारखं काही नव्हतं.

'तेर्रोरे नेल्लो स्पात्सिओ', म्हणजे अंतराळातली दहशत, हा त्याचा सिनेमा मी पहिल्यांदा पाहिला तो लॅपटॉपवर, रात्री उशिरा, घरातले सगळे झोपल्यावर. कातडी पोशाखातले अंतराळवीर यानातून खाली उतरले, पायाशी धूर सरकायला लागला, मागचे खडक जांभळे झाले, आणि मला वास आला. खरोखर आला. ओल्या गोणपाटाचा, डिंकाचा, आणि हॅलोजनच्या फार जवळ गेल्यामुळे कडेनं वितळणाऱ्या जिलेटीन कागदाचा.

हा वास माझ्या मामाचा आहे. सातारा जिल्ह्यातल्या आमच्या आजोळी मामा दुकानांच्या पाट्या रंगवायचा. श्रावण निम्मा सरला की पाट्यांची कामं बाजूला पडायची आणि मंडळाचा देखावा सुरू व्हायचा. बांबूच्या कामट्यांचा सांगाडा, त्यावर गोणपाट, गोणपाटावर पातळ कालवलेली शाडू, आणि ती वाळली की काव आणि काजळी मारून केलेली गुहा. दिवसा ती गुहा बघवायची नाही. शिवण दिसायची, एखाद्या पोत्यावर खतकारखान्याचं नाव वाचता यायचं. रात्री मामा पाटीत निखारे घेऊन त्यावर धूप टाकायचा, दोन दिव्यांपुढे दोन रंगांचे जिलेटीन धरायचा, आणि रस्त्यावरची माणसं बोलायची थांबायची. कुठल्या कोनातून उजेड मारला की शिवण मिटते, हे त्याला कुणी शिकवलेलं नव्हतं. मी आठ-नऊ वर्षांची असताना माझं काम जिलेटीन धरायचं होतं. 'जवळ नेऊ नकोस, जळतंय. लांब नेऊ नकोस, उजेड गळतोय,' एवढाच त्याचा उपदेश असायचा.

म्हणून बाव्हावर लिहायचं बरेच दिवस मनात होतं. सिनेमाच्या इतिहासात त्याला भयपटांचा उस्ताद म्हणतात, क्लृप्त्यांचा बादशहा म्हणतात, आणि कमी पैशात केलेल्या करामतींचे किस्से सांगतात. ते सगळे किस्से मलाही आवडतात आणि इथे मी ते सांगणारच आहे. पण 'पैसे नव्हते तरीसुद्धा' अशा सुरात ते सांगितले जातात, तेव्हा मला राहवत नाही. बाव्हाची युक्ती ही गोष्टीतलं भोक बुजवायला मारलेलं ठिगळ नव्हती. त्याला जे सांगायचं होतं ते तो युक्तीतूनच सांगायचा. त्याच्या पटकथा पुष्कळदा सामान्य आहेत, नट कधीकधी लाकडी आहेत. पण उजेड कुठून आला आणि तो कशावर पडला नाही, याकडे बघत राहिलं की माणसाच्या आतलं काहीतरी उघडं पडताना दिसतं.

त्याचा जन्म 1914चा, सानरेमोचा. वडील एउजेनिओ मूळचे मूर्तिकार. मूकपटाच्या जमान्यात ते कॅमेऱ्याकडे वळले आणि चमत्कारदृश्यांचे कारागीर झाले. मारिओ जन्मला त्याच वर्षी आलेल्या 'काबिरिया' या भव्य मूकपटाच्या चमत्कारदृश्यांत त्यांचा हात होता. एउजेनिओंबद्दल वाचताना मला दरवेळी कोल्हापूरचे बाबूराव पेंटर आठवतात. तेही छिन्नी-कुंचल्यातून सिनेमात आलेले, नाटकांचे पडदे रंगवता रंगवता 1918 साली स्वतःचा कॅमेरा बनवणारे. दोघांचा एकमेकांशी काडीचा संबंध नाही. पण त्या एकाच दशकात, जगाच्या दोन टोकांना, माती आणि रंग हाताळणारी माणसं सिनेमाकडे ओढली गेली, आणि सिनेमा म्हणजे हातानं घडवायची वस्तू आहे असं धरून कामाला लागली, ही गोष्ट मला फार मोलाची वाटते.

मारिओला चित्रकार व्हायचं होतं. चित्रांवर पोट भरेना, म्हणून तो वडिलांच्या हाताखाली आला. परदेशी जाणाऱ्या सिनेमांची शीर्षकं करणं, कॅमेरामनचा मदतनीस म्हणून राबणं, असं करत करत 1939च्या सुमाराला तो स्वतः कॅमेरा चालवू लागला. पुढे नावाजलेला दिग्दर्शक झालेल्या रोबेर्तो रोस्सेलिनीचे सुरुवातीचे लघुपट त्यानं चित्रित केले आहेत. पुढची वीस वर्षं तो कॅमेरामनच होता. इटलीत त्याला मान होता, काम होतं, आणि दिग्दर्शक व्हायची त्याला जराही घाई नव्हती.

दिग्दर्शन त्याच्याकडे आलं ते दुसऱ्यांनी अर्धवट टाकलेल्या कामांतून. 1957 साली आलेला 'इ व्हाम्पिरी' हा बोलपटाच्या काळातला इटलीतला पहिला भयपट मानला जातो. दिग्दर्शक रिकार्डो फ्रेडा. त्यानं निर्मात्यांना बारा दिवसांत सिनेमा संपवतो असा शब्द दिला आणि दहा दिवसांनी तो सेट सोडून गेला. उरलेलं सगळं कॅमेरामन बाव्हानं दोन दिवसांत पुरं केलं. त्या सिनेमात एक तरुण, देखणी बाई कॅमेऱ्यासमोर बघता बघता म्हातारी होते. मधे कुठे तुकडा जोडलेला नाही, चेहऱ्यावरून कॅमेरा हललेला नाही. गालावर रेघा उमटतात, डोळ्यांखाली खड्डे पडतात.

ही युक्ती ज्यानं लहानपणी लाल जिलेटीनमधून वही बघितली आहे त्याला लगेच कळेल. लाल पेन्सिलीनं लिहिलेलं अक्षर लाल कागदातून बघितलं तर दिसत नाही, हिरव्यातून बघितलं तर काळं कुळकुळीत दिसतं. बाव्हानं नटीच्या चेहऱ्यावर सुरकुत्या लाल रंगात रंगवून ठेवल्या आणि उजेडही लाल ठेवला. मग हळूहळू लाल उजेड काढत हिरवा आणला. फिल्म कृष्णधवल, त्यामुळे रंग बदलल्याचं प्रेक्षकाला कळायला मार्गच नाही. बाव्हाच्या आधीही हॉलिवुडमध्ये ही युक्ती कुणी वापरली होती. पण तिचा अर्थ इथे मला नव्यानं भिडतो. सुरकुत्या पहिल्यापासूनच तिथे होत्या. म्हातारपण बाहेरून आलं नाही, फक्त उजेड बदलला.

मग 1959चा 'कालतिकी'. पुन्हा फ्रेडा दिग्दर्शक, पुन्हा तो मधेच गेला, आणि पुढे त्यानं सांगितलं की बाव्हानं एकदाचं दिग्दर्शक व्हावं म्हणूनच आपण गेलो. यातला राक्षस म्हणजे सगळ्यांना गिळत पसरत जाणारा एक मांसल गोळा. तो केला होता वजडीचा! कत्तलखान्यातून आणलेल्या आतड्या-कोथळ्याचा. दिव्यांच्या उष्णतेत त्या सेटवर काय वास सुटला असेल याची कल्पना करवत नाही. त्याच वर्षी जाक तुर्नर हा नावाजलेला दिग्दर्शक मॅरेथॉनच्या लढाईवरचा सिनेमा अर्धवट सोडून निघून गेला. तोही बाव्हानं पुरा केला. नाव दुसऱ्याचंच लागलं. त्याआधी 1958चा हर्क्युलिसचा सिनेमा जगभर धो धो चालला होता, त्याचा कॅमेरा आणि प्रकाशयोजनाही बाव्हाची. इतक्या वेळा अब्रू वाचवल्यावर निर्मात्यांनीच त्याला म्हटलं, आता तुला हवी ती गोष्ट घे आणि कर.

त्यानं रशियन लेखक गोगोलची 'व्ही' ही कथा उचलली. 1960 साली, वयाच्या सेहेचाळिसाव्या वर्षी, त्याच्या एकट्याच्या नावानं पहिला सिनेमा आला: 'ला मास्केरा देल देमोनिओ', सैतानाचा मुखवटा. पहिल्या काही मिनिटांतच आतल्या बाजूनं खिळे असलेला धातूचा मुखवटा चेटकिणीच्या तोंडावर ठेवतात आणि लाकडी घणाचा एक घाव घालतात. इंग्लंडमध्ये या सिनेमावर 1968पर्यंत बंदी होती. मला मात्र त्यातला घाव आठवत नाही, बग्गी आठवते. रात्री धुक्यातून येणारी, नेहमीपेक्षा संथ गतीनं पळणारी, अजिबात आवाज न करणारी बग्गी. बार्बरा स्टील यात दुहेरी भूमिकेत आहे, चेटकीणही तीच आणि तिची निष्पाप वंशजही तीच. तिचे मोठे डोळे आणि उंच गालफडं अशी आहेत की उजेड दोन बोटं खाली आणला की एकीची दुसरी होते. बाव्हानं तेवढंच केलं.

यानंतर रंग आले, आणि बाव्हा रंगात आला तो चित्रकार म्हणूनच.

1963चा 'इ त्रे वोल्ती देल्ला पाउरा', भीतीचे तीन चेहरे, हा तीन कथांचा सिनेमा आहे. इंग्लंडात तो ज्या नावानं लागला होता तेच नाव बर्मिंगहॅमच्या चार पोरांनी पुढे आपल्या बँडला दिलं, आणि हेवी मेटलचा बाप असलेला ब्लॅक सॅबथ जन्माला आला. यातली 'थेंब' ही छोटी गोष्ट माझ्या मते बाव्हाचं सगळ्यात नेटकं काम आहे. एक परिचारिका मेलेल्या म्हातारीच्या अंगावर कपडे चढवताना तिच्या बोटातली अंगठी काढून घेते. घरी येते. नळ ठिबकतो. बाहेरच्या दिव्याची उघडझाप खिडकीतून आत येते, जांभळी, हिरवी, परत जांभळी. एवढंच घडतं. त्या मेलेल्या बाईचा चेहरा मेणाचा आहे आणि तो घडवला होता म्हाताऱ्या एउजेनिओनं, मारिओच्या वडिलांनी. तोंड वासलेलं, डोळे सताड उघडे, आणि ओठांवर हसू आहे की वेदना हे ठरवता येत नाही. पुतळा आहे हे सरळ दिसतं. तरी भीती वाटते, किंबहुना त्यामुळेच वाटते, कारण मेलेला माणूसही आपल्याला पुतळ्यासारखाच दिसलेला असतो. मूर्तिकार बाप आणि उजेडाचा जाणकार मुलगा, दोघांनी मिळून केलेलं ते एक मिनिट मी कितीही वेळा बघू शकते.

याच सिनेमाचा शेवट इटालियन आवृत्तीत आहे, अमेरिकन आवृत्तीतून कापलेला. बोरिस कार्लोफ, सगळ्यांना दरारा वाटणारा तो थोर नट, घोड्यावरून दौडत आपल्याशी बोलतो. मागून झाडं सरकतायत, वारा आहे. मग कॅमेरा मागे मागे जातो आणि दिसतं की घोडा लाकडी आहे, आणि हातात फांद्या घेतलेली माणसं कॅमेऱ्यासमोरून गोल गोल धावतायत. एकामागून एक, धापा टाकत, तीच तीच फांदी घेऊन.

मी हे पाहिलं आणि माझ्या घशात आवंढा आला. विसर्जनानंतर दुसऱ्या दिवशी सकाळी मांडवामागे जाऊन बघितलं की असंच दिसायचं. सुतळ्या, चाकं, निखाऱ्याची राख, आणि रात्रभर कालियाची शेपटी हलवणारा, मांडवातच मुटकुळं करून झोपलेला पोरगा. रात्री ज्यांनी हात जोडले होते तीच माणसं सकाळी ते सगळं बघून कौतुकानं मान डोलवायची. बाव्हानं फांद्या धरणाऱ्यांना पडद्यावर आणलं, त्याला माझ्या लेखी फार किंमत आहे.

सगळंच मी डोक्यावर घेणार नाही. 1964च्या 'सेइ दोन्ने पेर लासास्सिनो'नं, खुन्यासाठी सहा बायका असं म्हणू या, एक अख्खा सिनेमाप्रकार घडवला. इटलीत मोन्दादोरी ही प्रकाशनसंस्था 1929पासून रहस्यकथा पिवळ्या वेष्टनात काढायची, म्हणून रहस्यकथेला तिथे 'जाल्लो', म्हणजे पिवळं, हेच नाव पडलं. बाव्हाच्या या सिनेमातल्या चेहरा नसलेल्या, काळे हातमोजे घातलेल्या खुन्यानं पुढच्या पंधरा वर्षांच्या जाल्लोपटांना साचा पुरवला. एका फॅशनहाउसमध्ये एकेक मॉडेल मारली जाते. लाल मखमल, हिरवा कोनाडा, सोनेरी आरसे, प्रत्येक चौकट भिंतीवर टांगावी अशी. आणि तिथेच माझं मन अडतं. या बायका जिवंत असताना बाव्हा त्यांच्याकडे जेवढ्या मायेनं बघतो त्याहून जास्त मायेनं त्यांच्या मरणाकडे बघतो. पुढे त्याची नक्कल करणाऱ्यांनी ती माया सोडली आणि मरण तेवढं ठेवलं. 1971च्या 'रेआत्सिओने अ कातेना'त तर खाडीकाठच्या एका जमिनीपायी तेरा खून होतात, आणि त्यातले काही दहा वर्षांनी अमेरिकन खूनपटांत जवळजवळ जसेच्या तसे उतरले. त्या सिनेमाच्या वेळी पैसे इतके कमी होते की कॅमेरा सरकवायला लहान मुलांची खेळण्यातली गाडी वापरली आणि चार फांद्या कॅमेऱ्यापुढे हलवत जंगल दाखवलं. हे कौशल्य मी मान्य करते. सिनेमा दुसऱ्यांदा मात्र मी लावला नाही.

त्याच्या वेस्टर्नपटांवर वेळ घालवू नये. व्हायकिंगपट बरे आहेत. 1966 साली व्हिन्सेंट प्राइस या अमेरिकन नटाला घेऊन केलेला विनोदी हेरपट तर त्याला स्वतःलाही नकोसा असावा असाच दिसतो. पोटापाण्यासाठी आलेलं काम तो घेत राहिला आणि वेळेत पुरं करत राहिला.

पण त्याच 1966 साली 'ओपेरात्सिओने पाउरा' आला, आणि इथे मला थोडं थांबायचं आहे.

रोमच्या उत्तरेला कालकाता नावाचं एका सुळक्यावर वसलेलं जुनं गाव आहे. दगडी बोळ, एकमेकांना टेकलेली घरं, खाली दरी. बाव्हा आपली माणसं घेऊन तिथे गेला. काही दिवसांत निर्मात्याकडचे पैसे संपले. नट-तंत्रज्ञांनी पगाराशिवाय काम करून सिनेमा पुरा केला. गोष्ट एवढीच: गावात एका लहान मुलीचं भूत दिसतं, आणि ज्याला ती दिसते तो मरतो. मुलगी काही करत नाही. खिडकीच्या काचेवर पंजा टेकवते. झोक्यावर बसते. पांढरा चेंडू टप्पे खात जिन्यावरून उतरतो, तिच्याआधी. ती भूमिका केली एका मुलानं, केसांचा टोप घालून, आणि त्या चेहऱ्यातलं किंचित वेगळेपण डोळ्यांना कळतं पण नाव देता येत नाही. दोन वर्षांनी इटलीचाच थोर दिग्दर्शक फेलिनी यानं आपल्या 'तोबी दाम्मित'मध्ये सैतान दाखवला तो पांढऱ्या कपड्यातल्या, हातात चेंडू घेतलेल्या मुलीच्या रूपात. चेंडू कुठून घरंगळत आला ते बघणाऱ्याला दिसतंच.

यातलं एक दृश्य मला झोपेतही दिसतं. नायक एका माणसाचा पाठलाग करत दार उघडून खोलीत शिरतो, समोरच्या दारानं बाहेर पडतो, तर पुन्हा तीच खोली. पुन्हा दार, पुन्हा तीच खोली, भिंतीवर तेच चित्र. पुढे पळणारा माणूस दर फेरीला जरा जवळ येतो. शेवटी नायक त्याचा खांदा धरून त्याला वळवतो, आणि तो स्वतःच असतो. एक खोली, दोन दारं, एक नट. खर्च जवळपास शून्य. दुसरी खोली बांधायला पैसे असते तर हे सुचलं असतं का, हा प्रश्न मला निरर्थक वाटतो. ज्याला एकाच खोलीत माणसाचा आपल्याच मागे लागलेला जीव दिसला, त्याला दहा खोल्या दिल्या असत्या तरी त्यातून त्यानं एकच निवडली असती, असं मला वाटतं.

असं म्हणायला आधार आहे. पैसे त्याला खरंच एकदा मिळाले होते. 1968 साली बडा निर्माता दिनो दे लाउरेन्तिस यानं त्याला 'दिआबोलिक' दिला. मिलानच्या आंजेला आणि लुचाना जुस्सानी या बहिणींनी 1962पासून काढलेल्या चित्रकथांमधला हा काळ्या वेशातला चोर इटलीत घराघरांत माहीत होता. अंदाजपत्रक तीस लाख डॉलरचं. बाव्हानं चार लाखांत सिनेमा करून हातात ठेवला. चोराची ती प्रचंड भुयारी गुहा बघताना डोळे फिरतात, आणि तिचा बराचसा भाग प्रत्यक्षात काचेवर आहे. कॅमेऱ्यापुढे काच उभी करायची, तिच्यावर हवी ती वास्तू रंगवायची किंवा कापलेलं चित्र चिकटवायचं, मधली जागा मोकळी ठेवायची आणि त्या मोकळ्या जागेतून खरी माणसं चालताना टिपायची. सगळं नेमक्या कोनात जुळलं पाहिजे, केसभर चुकलं की भिंत हवेत तरंगते. दे लाउरेन्तिस खूश झाला, उरलेल्या पैशांत दुसरा भाग कर म्हणाला. बाव्हानं नकार दिला. मोठ्या निर्मात्याचा सतत डोक्यावर असलेला हात त्याला मानवला नव्हता. अमेरिकेतून बोलावणी आली, तिकडेही तो कधी गेला नाही.

त्याच सुमाराला इटालियन दूरदर्शनवर होमरच्या 'ओडिसी'ची मालिका झाली. दिग्दर्शक फ्रांको रोस्सी, पण एकडोळ्या पॉलिफेमसचा भाग बाव्हाच्या हातचा. गुहा, राक्षस, मेंढरं आणि राक्षसाच्या मुठीत मावणारी माणसं. त्या काळात तो घराघरांत पाहिला गेला.

सत्तरचं दशक मात्र त्याच्यावर रुसलं. 1973चा 'लीसा ए इल द्याव्होलो' हा त्याचा सगळ्यात मोकळा, स्वप्नाच्या चालीनं चालणारा सिनेमा. एक परदेशी मुलगी तोलेदोच्या गल्ल्यांत वाट चुकते आणि एका वाड्यात पोचते, जिथे माणूस कोण आणि पुतळा कोण हे कळेनासं होतं. कान चित्रपट महोत्सवाच्या वेळी तो वितरकांना दाखवला, कुणी घेतला नाही. मग अमेरिकेत भूत उतरवणाऱ्या पाद्र्याच्या सिनेमानं गल्ला भरला, तेव्हा निर्मात्यानं याचीच कापाकापी केली, मधे पाद्र्याची आणि झपाटलेल्या मुलीची नवी दृश्यं घुसडली आणि 1975मध्ये तो वेगळ्याच नावानं विकला. पडद्यावर दिग्दर्शकाचं नाव टोपण होतं. मी दोन्ही रूपं पाहिली आहेत. दुसरं बघताना पोटात कालवतं, जणू कुणी चांगल्या विणीची पैठणी कापून पिशव्या शिवल्या आहेत.

आणि 'कानी आर्राब्याती', पिसाळलेले कुत्रे. 1974. दरोडा घालून पळालेले तिघे, एक ओलीस बाई, गाडी चालवणारा एक माणूस आणि मागच्या सीटवर त्याचं आजारी मूल. जवळजवळ सगळा सिनेमा एका चालत्या गाडीत, रोमच्या उन्हाळ्यात. यात धूर नाही, जिलेटीन नाही, भूत नाही. घाम आहे, आणि इतक्या जवळ आणलेले चेहरे की आपणच गाडीत कोंबले गेलोय असं वाटावं. साठीला टेकलेल्या माणसानं आपली सगळी ओळखीची हत्यारं खाली ठेवून हा सिनेमा केला. मग निर्मात्याचं दिवाळं निघालं आणि रिळांवर जप्ती आली. बाव्हा गेला तेव्हा त्याचं हे काम कुलुपात होतं. ते लोकांसमोर यायला नव्वदचं दशक उजाडावं लागलं, तेही त्यात काम केलेल्या एका नटीनं पाठपुरावा केला म्हणून.

हे वाचलं की मला मंडळाच्या फलकाची आठवण येते. अध्यक्ष, उपाध्यक्ष, खजिनदार, वर्गणीदार, सगळ्यांची नावं फलकावर असायची, आणि तो फलक रंगवायचाही मामाच. स्वतःचं नाव त्यानं एकदाही लिहिलं नाही. मी एकदा विचारलं तर म्हणाला, जागा कुठाय? मला तेव्हा ते पटलं होतं. आता पटत नाही. जागा असते. मॅरेथॉनच्या पडद्यावर होती.

बाव्हाचा शेवटचा चित्रपटगृहातला सिनेमा 1977चा 'शॉक'. मुलगा लाम्बेर्तो तेव्हा त्याच्याबरोबर होता, तोही पुढे दिग्दर्शक झाला. त्यानंतर 1980च्या 'इन्फेर्नो'साठी बाव्हानं दारिओ आर्जेन्तो या तरुण दिग्दर्शकाला चमत्कारदृश्यांत मदत केली. न्यूयॉर्कच्या गगनचुंबी इमारती त्यानं दुधाच्या रिकाम्या खोक्यांना फोटो चिकटवून उभ्या केल्या. म्हणजे पासष्टीला आलेला माणूस, ज्याच्या सिनेमांवर निम्म्या जगाचे भयपट पोसले गेले होते, तो पुन्हा दुसऱ्याच्या सेटवर खोकी चिकटवत बसला होता. मी हे दुःखानं सांगत नाही, त्याच्या हातांना त्यात सुख मिळालं असणार याची मला खात्री आहे. एप्रिल 1980मध्ये तो रोममध्ये हृदयविकारानं गेला. दोन-चार दिवसांतच हिचकॉक गेला, आणि वर्तमानपत्रांचे रकाने त्याच्यामागे गेले.

मागच्या दिवाळीत मी आजोळी गेले होते. मामा आता अठ्ठ्याहत्तरचा. एका डोळ्याचं मोतीबिंदूचं ऑपरेशन झालंय, दुसऱ्याचं राहिलंय. देखावे बंद होऊन वीस वर्षं झाली, आता मंडळ एलईडीचा पडदा भाड्यानं आणतं. ओसरीवर त्याच्या शेजारी बसून मी मोबाइलवर 'शॉक'मधला एक तुकडा लावला. गोष्ट काही सांगितली नाही. एका लांब खोलीच्या टोकाला एक लहान मुलगा उभा आहे. तो आईकडे धावत येतो. आई गुडघ्यांवर बसून हात पसरते. मुलगा अगदी जवळ येतो, क्षणभर दिसेनासा होतो, आणि तिच्या मिठीत पोचतो तो एक मोठा पुरुष. मधे कुठेही तुकडा जोडलेला नाही.

मामा दचकला. मग मोबाइल माझ्या हातातून घेतला, लांब धरला, परत जवळ आणला.

'परत लाव.'

मी परत लावलं. या वेळी तो आईकडे बघत नव्हता. पडद्याची खालची कड बघत होता.

'पोरगं खाली बसलं,' तो म्हणाला. 'बाई म्होरं हाय न्हवं, तिच्या आड. आन् तो दुसरा आधीपासनं खालीच बसल्याला. हे बसलं की तो उठला.' त्यानं ओसरीवरच्या चटईवर दोन्ही पंजे ठेवून, एक खाली आणि एक वर करत, मला ते दाखवलं. वेळ साधायची मख्खी कशात आहे तेही दाखवलं. त्याच्या बोटांना रंगाचे डाग आता नाहीत, तरी मला ते दिसले.

मोबाइलचा पडदा काळा झाला होता. मामानं तो मांडीवर ठेवला आणि अंगणाकडे बघत राहिला. बराच वेळ. आतून मामीनं चहाला हाक मारली तरी तो उठला नाही.

'म्हंजे पोरात बापच हाय की गं,' तो म्हणाला.